रिपोर्टवर ‘इन्डिटरमिनेट’ म्हणजे नक्की काय, आणि मराठीत त्याला काय म्हणायचं?

चिवडागल्ली

माझी मावशी लालबागला चाळीत राहते, वय 61, बरीच वर्षं रुमॅटॉइड आर्थ्रायटिस आहे, बोटं वाकलीयत, सकाळी चहाचा कप दोन्ही हातांनी धरावा लागतो. आता डॉक्टर नवीन इंजेक्शन सुरू करणार होते, बायोलॉजिक म्हणतात ते, आणि त्याने अंगात झोपलेला टीबी उठू शकतो म्हणून आधी टीबीची रक्ततपासणी सांगितली, इग्रा. शुक्रवारी रात्री दहाला व्हॉट्सअ‍ॅपवर पीडीएफ आली. निकालाच्या रकान्यात एकच शब्द, ‘इन्डिटरमिनेट’. खाली बारीक अक्षरात ‘क्लिनिकली कोरिलेट करा’, म्हणजे पेशंटच्या लक्षणांशी ताडून बघा, हे इंग्रजीत. संपलं.

मावसभावाने फोनवर भाषांतर करून बघितलं तर ‘अनिश्चित’ आलं. शेजारच्या वहिनींनी विचारल्यावर त्याने सांगितलं, टीबीचं काहीतरी संशयास्पद आलंय. झालं. शनिवारी सकाळी मावशीचं ताट वेगळं, पेला वेगळा, नातवाला तिच्याजवळ झोपू देईनात, आणि ती स्वतःच तोंडाला पदर लावून गॅलरीच्या टोकाला बसायला लागली. खोकला नाही, ताप नाही, काही नाही. सोमवारी संध्याकाळी डॉक्टर म्हणाले, अहो टेस्ट चाललीच नाही, यात टीबीबद्दल काही लिहिलेलंच नाहीये.

मग मी बसून समजून घेतलं. या टेस्टला रक्त चार नळ्यांत घेतात. एका नळीत काहीच नसतं, दोन नळ्यांत टीबीच्या जंतूची प्रथिनं असतात, आणि चौथीत असं द्रव्य असतं की धडधाकट पेशींनी त्याला उत्तर दिलंच पाहिजे, मायटोजेन म्हणतात. या चौथीनेच उत्तर दिलं नाही तर बाकीच्या नळ्या गप्प आहेत म्हणजे टीबी नाही असं म्हणता येत नाही, कारण पेशीच मंद आहेत. मावशीचा मायटोजेनचा आकडा 0.21 होता, 0.5 तरी लागतो. ती रोज स्टेरॉइड घेते, त्याने असं होतं. नळी नीट हलवली नाही किंवा उबवणीत ठेवायला फार उशीर झाला तरी होतं.

म्हणजे टेस्टला उत्तर देता आलं नाही, आणि आम्ही ते मावशीच्या अंगावर लिहिलं. माझं म्हणणं एवढंच की मुंबईतल्या लॅबनी अशा निकालाखाली मराठीत एक ओळ छापावी. आणि त्या ओळीत ‘संशयास्पद’ हा शब्द कधीही नसावा. तुम्हाला काय वाटतं?

गिरगावचा दवाखाना

मावशींच्या बाबतीत जे झालं ते वाईटच झालं. पण मी तीस वर्षं प्रॅक्टिस करतोय आणि माझं मत उलट आहे. रिपोर्ट हे एका डॉक्टरने दुसऱ्या डॉक्टरला लिहिलेलं पत्र आहे. त्यातला शब्द मोजूनमापून घातलेला असतो. त्याखाली मराठी ओळ आली की पेशंट ती ओळच वाचणार आणि माझ्याकडे यायचा कंटाळा करणार. ‘काही निष्पन्न नाही’ वाचून ‘काही नाही’ समजणारे मी रोज बघतो. घाबरून तीन दिवस काढलेला माणूस निदान येतो तरी, निर्धास्त झालेला येतच नाही. माझ्याकडचे एक गृहस्थ अशाच अर्धवट रिपोर्टवर चार महिने फिरले आणि नंतर टीबीच निघाला. शब्द सोपा केला म्हणजे रोग सोपा होत नाही.

चिवडागल्ली

डॉक्टर, ते गृहस्थ फिरले तेव्हा त्यांच्या रिपोर्टवर मराठी ओळ होती का? नव्हती ना. म्हणजे ते इंग्रजी शब्दावरच निर्धास्त झाले. न कळणारा शब्द कुणाला घाबरवतो, कुणाला झोपवतो, ज्याचा जसा स्वभाव. आणि पत्र डॉक्टरला असेल तर ते रात्री दहा वाजता पेशंटच्या फोनवर का येतं? आलं की घरातले वाचणारच.

पिपेट

मी लॅबमध्ये आहे, सँपल प्रोसेसिंगला. दोघांनाही थोडं सांगतो, कारण इथे तीन वेगळ्या गोष्टी एकाच पोत्यात भरल्या जातायत आणि भांडण तिथूनच सुरू होतंय.

मावशींच्या रिपोर्टवर जे आलं ते कंट्रोल, म्हणजे टेस्ट नीट चालतेय का ते दाखवणारी नळी (इथे मायटोजेनची), फेल झाल्यामुळे. दुसरं म्हणजे इक्विव्होकल. पावसाळ्यात डेंग्यूच्या आयजीएम या अँटिबॉडीच्या तपासण्यांचे ढीग येतात आमच्याकडे, आम्ही वापरतो त्या किटमध्ये 9 युनिटच्या खाली निगेटिव्ह, 11 च्या वर पॉझिटिव्ह, आणि मधला पट्टा इक्विव्होकल. इथे टेस्ट व्यवस्थित चाललीय, कंट्रोल बरोबर आलेत, फक्त आकडा कुंपणावर बसलाय. तापाच्या चौथ्या दिवशी रक्त घेतलं तर अँटिबॉडी नुकत्या वर यायला लागलेल्या असतात, तीनचार दिवसांनी परत घेतलं की बहुतेक वेळा चित्र साफ होतं. आणि तिसरं, सँपलच खराब, गोठलेलं नाहीतर कमी, ते आम्ही इनव्हॅलिड किंवा रिजेक्टेड लिहितो.

तीन कारणं, तीन वेगळे पुढचे रस्ते. लोक तिन्हीला इनकन्क्लुझिव्ह म्हणतात, कधीकधी डॉक्टरसुद्धा. म्हणून मी मराठी ओळीच्या विरोधात आहे, कारण ती ओळ कोण लिहिणार? एकच ओळ सगळ्याखाली चिकटवली जाईल आणि गोंधळ वाढेल.

शब्दवेडी

पिपेट, तुम्ही जे सांगितलंत तेच तर मराठीत तीन वेगळे शब्द हवेत याचं कारण आहे!

इक्विव्होकल लॅटिनमधून आलाय, एक्वस म्हणजे सारखा आणि व्होक्स म्हणजे आवाज. दोन्हीकडचे आवाज सारखेच. पण रोजच्या इंग्रजीत कुणाला इक्विव्होकल म्हटलं तर तो माणूस मुद्दाम मोघम बोलतोय असा आरोप असतो. आपल्याकडे त्याला नेमकं काय आहे? नरो वा कुंजरो वा. धर्मराजाला माहीत होतं हत्ती मेलाय, तरी तो तसं बोलला. लॅबच्या इक्विव्होकलमध्ये ही लबाडी अजिबात नाहीये. मशीनला माहीत असून ते लपवत नाही. म्हणून मला ‘संदिग्ध’ही नको वाटतो, त्यात बोलणाऱ्याने घोळ घातल्याचा वास येतो. शिवाय मुंबईत हिंदी बातम्या कानावर पडतात, तिथे संदिग्ध म्हणजे सरळ संशयित, पोलिसांनी पकडलेला सुद्धा संदिग्धच. त्या कानाने मराठी रिपोर्ट वाचला जाणार.

‘अनिश्चित’ म्हटलं की भवितव्य अनिश्चित असं ऐकू येतं. ‘अनिर्णित’ आपण क्रिकेटमध्ये वापरतो, सामना अनिर्णित राहिला, म्हणजे पाच दिवस खेळून झालं आणि आता परत व्हायचा नाही. इथे तर परत खेळायचाय. माझं मत ‘अनिर्णायक’ला. निर्णय देऊ शकत नाही अशी तपासणी. त्यात दोष तपासणीकडे जातो, माणसाकडे नाही. मधल्या पट्ट्यासाठी ‘सीमेवर’ आणि फसलेल्या टेस्टसाठी ‘अवैध’.

कुर्ला स्लो

अवैध?? अवैध बांधकाम, अवैध दारू. माझ्या आईच्या रक्ताच्या रिपोर्टवर अवैध छापलं तर ती महापालिकेची नोटीस समजेल. पॉझिटिव्ह निगेटिव्ह आजीपासून नातवापर्यंत सगळ्यांना कळतं ना, मग इक्विव्होकल पण कळेल हळूहळू. भाषांतर नकोच. अपेंडिक्सला आंत्रपुच्छ म्हणून कोण दवाखान्यात जातं?

शब्दवेडी

पॉझिटिव्ह कळतं असं वाटतं तुम्हाला. ‘पॉझिटिव्ह आलं, चांगलं आहे ना?’ असं विचारणारी माणसं मी स्वतः ऐकलीयत. पण अवैधबद्दल तुमचं मान्य, तो शब्द मागे घेते.

परळ टीटी

मी इक्विव्होकलच्या बाजूने बोलणार आहे, आणि मनापासून. आईच्या स्तनाच्या कॅन्सरचा रिपोर्ट आला तेव्हा त्यात हर-टू (पेशीच्या कडेवरचं एक प्रथिन) 2+, इक्विव्होकल असं होतं. मला तेव्हा त्याचा रागच आला, इतके पैसे भरून हे काय. मग पॅथॉलॉजीच्या एका मॅडमनी कागदावर चित्र काढून दाखवलं. पेशीची कड रंगते. 0 आणि 1+ म्हणजे निगेटिव्ह, 3+ म्हणजे कड गडद आणि पूर्ण, पॉझिटिव्ह. 2+ म्हणजे कड पूर्ण रंगलीय पण फिकट ते मध्यम. तिथे अंदाजाने हो म्हटलं आणि ते चुकलं तर बाईला नको असलेलं, हृदयावर परिणाम करू शकणारं औषध जातं, आणि नाही म्हणून चुकलं तर ट्रास्टुझुमॅबसारखं उपयोगी औषध हुकतं. म्हणून 2+ आलं की फिश नावाची पुढची टेस्ट, ज्यात हर-टूची जनुकं थेट मोजतात.

म्हणजे तो शब्द ‘माहीत नाही’ असं म्हणत नव्हता. ‘इथे थांबू नका, पुढच्या खिडकीवर जा’ असं म्हणत होता. आईची फिश पॉझिटिव्ह आली, औषध मिळालं, आज ती भाजी निवडत समोर बसलीय. त्या दिवशी कुणी घाईने हो-नाही लिहिलं असतं तर? सोपं करण्याच्या नादात हा शब्द घालवू नका.

आणि डॉक्टर लोक स्वतःसुद्धा या शब्दाला सरसकट वापरू देत नाहीत. 2013 च्या अमेरिकन मार्गदर्शक सूचनांमध्ये फिशच्या निकालातही इक्विव्होकल हा गट होता, दोन्ही टेस्ट इक्विव्होकल आल्या की पेशंट लटकलेलाच. 2018 मध्ये तो गट काढला, आता दोन्ही एकत्र बघून पॉझिटिव्ह की निगेटिव्ह ते ठरवावंच लागतं.

गिरगावचा दवाखाना

परळ टीटी, मला हेच म्हणायचं होतं, तुम्ही जास्त चांगलं मांडलंत. पण बघा, तुम्हालाही कागदावर चित्र काढून माणसाने समजावलं. छापील ओळीने नाही.

चिवडागल्ली

पण सगळ्यांना ती मॅडम भेटत नाही ना डॉक्टर. मावशीला शुक्रवार रात्र ते सोमवार संध्याकाळ कुणीच भेटलं नाही.

बाळकूम

2020 मध्ये माझ्या स्वॅबचा रिपोर्ट इनकन्क्लुझिव्ह आला होता, ज्या दोन जीन शोधतात त्यातली एकच दिसली, परत स्वॅब घेतला तो निगेटिव्ह. मधल्या दोन दिवसांत सोसायटीने दाराला दोरी बांधली ती आठवण अजून जात नाही. वॉचमनला मी शब्द वाचून दाखवला तर तो म्हणाला साहेब निगेटिव्ह लिहिलंय का तेवढं सांगा.

समुपदेशक ताई

मी सरकारी केंद्रात एचआयव्हीच्या समुपदेशनाचं काम करते, बरीच वर्षं. आमच्याकडेही इन्डिटरमिनेट येतं, एका किटवर दिसतं आणि दुसऱ्यावर नाही असं. तेव्हा 14 ते 28 दिवसांनी परत रक्त घ्यायचं असतं. समोर बसलेल्याचे ते दिवस कसे जातात ते मी पाहिलंय, म्हणून सांगते, मी हा शब्द तोंडाने उच्चारतच नाही. मराठी नाही आणि इंग्रजीही नाही. मी म्हणते, ‘आजच्या रक्तावरून हो पण सांगता येत नाही आणि नाही पण सांगता येत नाही. अमुक तारखेला परत या.’ तारीख चिठ्ठीवर लिहून हातात देते. मग समोरच्याला विचारते, घरी गेल्यावर काय सांगाल? त्याने माझंच वाक्य परत म्हटलं की मी सोडते. ‘थोडं आहे’ असं म्हणाला की परत पहिल्यापासून.

‘थोडं आहे’ हीच सगळ्यात मोठी चूक लोक करतात. मधला निकाल म्हणजे थोडा रोग असं त्यांना वाटतं. अनिर्णायक म्हणा, सीमेवर म्हणा, ते मनात ‘थोडं आहे’च होतं. म्हणून शब्द शोधू नका, वाक्य शोधा.

शब्दवेडी

ताई, तुमचं वाक्य फार चांगलं आहे, पण वाक्य रकान्यात बसत नाही. केसपेपरवर लिहायला, एका दवाखान्यातून दुसऱ्यात पाठवताना, शब्द लागतोच. नाहीतर मराठीत वैद्यक कधी बोललंच जाणार नाही, आपण कायम समजुतीची भाषा बोलणार आणि नेमकी भाषा इंग्रजीला देऊन टाकणार. मला हे पटत नाही आणि पटणारही नाही.

पिपेट

रकान्यात इंग्रजी शब्द राहू दे, खाली ताईंचं वाक्य. मी वर विरोध केला होता कारण एकच ओळ सगळीकडे चिकटेल म्हणून. पण आमच्या सॉफ्टवेअरमध्ये प्रत्येक टेस्टच्या प्रत्येक निकालाला वेगळी कॉमेंट लावता येते, आत्ता तिथे इंग्रजी मजकूर आहेच की. सही पॅथॉलॉजिस्ट मॅडमची असते, त्यांना उद्या दाखवतो. इग्रासाठी हे लिहिलंय, बघा:

‘ही तपासणी पूर्ण होऊ शकली नाही. यावरून टीबी आहे किंवा नाही, काहीच कळत नाही. नव्याने रक्त द्या.’

गिरगावचा दवाखाना

‘नव्याने रक्त द्या’ काढा. ते मी ठरवणार. स्टेरॉइडवरच्या पेशंटला परत तेच करून परत तेच येऊ शकतं, कधी त्वचेवरची चाचणी, छातीचा एक्स-रे, जुनी हिस्ट्री असं सगळं बघावं लागतं. ‘डॉक्टरांना दाखवा’ एवढंच ठेवा, आणि ‘लवकर’ घाला. बाकी दोन वाक्यांना माझी हरकत नाही. रिपोर्टवर मराठी ओळ असावी हे मात्र मला अजून पटलेलं नाही.

चिवडागल्ली

पिपेट, मावशीला फोनवर वाचून दाखवलं आत्ता. ‘पूर्ण होऊ शकली नाही’ ऐकून म्हणाली, म्हणजे त्यांनी रक्त कमी घेतलं का? दंडाला दोनदा टोचलं होतं तिला, तेच डोक्यात. मग मी म्हटलं ‘या तपासणीतून उत्तर मिळालं नाही’ असं लिहिलं तर? थोडा वेळ गप्प राहिली आणि म्हणाली, मग उत्तर मिळेपर्यंत पोराला माझ्याजवळ झोपायला काय हरकत आहे.

पहिलं वाक्य तेवढं बदला.