‘समजून’ आणि ‘म्हणून’

प्रश्न : जुन्या मूक विनोदी लघुपटांवर टिपण लिहितेय. एकाला दुसराच समजण्यावर जो विनोद उभा राहतो, त्याला काय म्हणावं? ‘चुकीची ओळख’ लिहिलं, पण वाचताना खडा लागतो. ‘तोतया’ चालेल का?

उत्तर : सरसकट नाही. आपण खरे कोण हे तोतयाला पक्कं ठाऊक असतं. पानिपतानंतर सदाशिवरावभाऊ म्हणून जो उभा राहिला, तो तोतया. १९१५च्या ‘अ जिटनी इलोपमेंट’मध्ये चॅप्लिन काउंट असल्याची बतावणी करून मुलीच्या घरी जेवायला बसतो, तोही तोतयाच.

पण बस्टर कीटनचा ‘द गोट’ (१९२१) आठवा. पोलिस खुनी डॅनचा फोटो काढताहेत आणि बस्टर बाहेरून खिडकीच्या गजांतून सहज डोकावतोय. डॅन हळूच खाली वाकतो, कॅमेऱ्याची कळ दाबतो. फोटोत येतो बस्टर, गजांमागे! डॅन पळतो आणि गावभर बस्टरच्या चेहऱ्याची पत्रकं लागतात. या बिचाऱ्याने कसलंच सोंग घेतलेलं नाही. हे चोर सोडून संन्याशाला फाशी. नावातल्या ‘गोट’लाही आपल्याकडे नेमका शब्द आहे : बळीचा बकरा.

आणखी एक : ‘चुकामूक’ नको. ती दोघांची भेट हुकल्यावर होते.

उत्तर : नाम हवंच असेल तर ‘गल्लत’ घ्या. ‘गफलत’मध्ये निष्काळजीपणा येतो, तो इथे नाही. पण मला वाटतं, मराठी हे काम क्रियापदावर फार छान भागवते. ‘काउंट म्हणून मिरवतो’ म्हटलं की लबाडी त्याची. ‘काउंट समजून जेवायला वाढतात’ म्हटलं की चूक वाढणाऱ्यांची. ‘द आयडल क्लास’ (१९२१) मध्ये चॅप्लिन दोन भूमिकांत आहे, भटक्या आणि श्रीमंत नवरा. वेषांतराच्या मेजवानीत बायको भटक्याला नवरा समजते, त्याचे फाटके कपडे म्हणजे नवऱ्याने घेतलेलं सोंग असं तिला वाटतं. खरा नवरा मात्र तिथेच चिलखतात अडकलाय, शिरस्त्राणाची झडप काही केल्या उघडत नाही. इथे ‘म्हणून’ घातलंत तर भटक्यावर उगाच आळ येईल.

प्रश्नकर्ती : मनापासून आभार. ‘चुकीची ओळख’ खोडलं. आता वाक्य असं आहे : ‘डॅन समजून सगळं गाव बस्टरला घाबरतं.’