शब्दचर्चा: ओवशातली ‘पूर्वा’ नेमकी कुठली?

गुहागरहून प्रश्न: लेकाचं लग्न यंदा, २०२६ मध्ये झालं. शेजारच्या काकू म्हणतात, “गौर पूर्वा नक्षत्रात आली तरच नव्या सुनेचा ओवसा (गौरीपुढे सुपं ओवाळायचा विधी), नाहीतर थांबायचं.” पंचांगात तर आवाहन अनुराधावर, पूजन ज्येष्ठावर, विसर्जन मूळावर. दरवर्षी हेच. मग पूर्वा आली कुठून? ‘पूर्वी’चंच झालं का काय?

दापोली: ‘पूर्वी’चा काही संबंध नाही, ताई. तुम्ही चंद्राचं नक्षत्र बघताय, काकू सूर्याचं सांगतायत. भादव्यात गौर येईपर्यंत चंद्र पूर्वा, म्हणजे पूर्वा फाल्गुनी, सोडून पाच-सहा दिवस तरी झालेले असतात, तो तिथे सापडणारच नाही. मृग, आर्द्रा, मघा, हस्त अशी पावसाची नक्षत्रं आपण मोजतो ती सूर्याची. एकेकात त्याचा मुक्काम तेरा-चौदा दिवस. पूर्वा साधारण ३० ऑगस्टला लागते नि १३ सप्टेंबरच्या सुमारास उत्तरा. कॅलेंडरात ‘वाहन म्हैस’, ‘वाहन बेडूक’ असं छापतात ना, तीच ओळ बघायची.

आता गौर पुढेमागे का होते? चांद्र वर्ष ३५४ दिवसांचं, म्हणून सण दरवर्षी अकरा-एक दिवस अलीकडे येतात आणि अधिक मास आला की एकदम पुढे जातात. २०२३ ला अधिक श्रावण होता, गौरी आल्या २१ सप्टेंबरला, म्हणजे उत्तरात. २०२४ ला १० सप्टेंबरला आल्या, पूर्वात. त्या वर्षी २०२३ नि २०२४ अशा दोन्ही वर्षांतल्या नव्या सुना एकदम ओवसल्या असणार, सुपं विणणाऱ्या बुरुडांची चंगळ!

श्रीवर्धन: आमच्यात ‘ओवसा’ म्हणजे विधी आणि ती सुपं, दोन्ही. माहेरहून सुपं येतात, त्यांत पानं, फळं, काकडी, खोबऱ्याची वाटी. सून ती गौरीपुढे ओवाळते, मग वडीलधाऱ्यांना देते आणि ते सुपात काहीतरी घालतात. ‘ओवसणं’ हे क्रियापदही आहे. घाटावर ‘ववसा’ म्हणतात, पण तो संक्रांतीला, सुगडांचा. ‘घेतला वसा टाकू नको’मधला वसा याच घरातला वाटतो मला.

दापोली: वाटतो खरा. पण आमच्याकडे तेरड्याची गौर असलेल्या घरांतच ओवसा ऐकलाय. आमच्या घरी खड्यांच्या गौरी, तिथे हा शब्दच नाही.

श्रीवर्धन: आणि गौरीला तिखटाचा, म्हणजे मांसाहारी, नैवेद्य असतो का, हे विचारू नका, गाव बदललं की उत्तर बदलतं.

गुहागर: मग आमच्या सुनेचं?

दापोली: यंदा अधिक ज्येष्ठ होता. गणपतीच १४ सप्टेंबरला, म्हणजे गौर उत्तरात. काकू बरोबर आहेत. २०२७ ला चतुर्थी ४ सप्टेंबरला येते, तेव्हा पूर्वा मिळेल. सुपं मात्र आधीच सांगून ठेवा.