काळविद्येच्या श्रेणीतील अंतेवासी आणि सात वर्षांचा करार

उंबरठा
नमस्कार. इसवी सनाच्या तिसऱ्या शतकातील गोवर्धन, म्हणजे आजच्या नाशिकजवळचा परिसर, अशी पार्श्वभूमी घेऊन मी एक अद्भुतकथा लिहीत आहे. तिच्यात काळविद्या जाणणाऱ्या कारागिरांची एक काल्पनिक श्रेणी, म्हणजे व्यावसायिक संघ, असून मुले-मुली तेथे सात वर्षांच्या कराराने अंतेवासी, म्हणजे गुरूच्या घरी राहून शिकणारे शिष्य, म्हणून राहतात. अडचण अशी, की माझ्या नायिकेला तिसऱ्याच वर्षी काळ आवळण्याची विद्या साधते आणि उरलेली चार वर्षे एका रात्रीत उरकून ती सकाळी आचार्यांसमोर उभी राहते. तिला मोकळे न करण्यासाठी आचार्यांकडे कोणते सयुक्तिक कारण असू शकेल? 'नियम म्हणजे नियम' हे उत्तर मलाच पटत नाही. शिवाय या विद्येची काही किंमतही मोजावी लागली पाहिजे.

लेणीवेडा
आपल्या पहिल्या प्रश्नाचे उत्तर याज्ञवल्क्य स्मृतीत जवळजवळ तयारच आहे. शिल्प आधीच अवगत झाले तरी अंतेवासीने ठरलेली मुदत गुरूच्या घरी काढावी, गुरूने दिलेले अन्न खावे आणि त्या काळातील कामाचे फळ गुरूला द्यावे, असे ती सांगते. नारद स्मृती याला दुसरी बाजू जोडते: गुरूने शिष्याला पुत्रासारखे वागवावे, घरी जेवू घालावे आणि भलतीच कामे सांगू नयेत. म्हणजे करारात मोजली जातात ती नुसती वर्षे नव्हेत, तर गुरूच्या घरी घेतलेली जेवणे आणि कार्यशाळेत उपसलेले काम. आचार्यांनी रागावण्याची गरजच नाही, "या चार वर्षांत तू माझ्याकडे किती वेळा जेवलीस?" एवढे शांतपणे विचारले तरी पुरे.

स्थळाची निवड मात्र फारच उत्तम. नाशिकच्या पांडवलेण्यांत आभीर राजा ईश्वरसेनाच्या नवव्या वर्षाचा एक लेख आहे. त्यात विष्णुदत्ता नावाच्या शक उपासिकेने आजारी भिक्षूंच्या औषधांसाठी निरनिराळ्या श्रेणींकडे पैसे ठेवल्याची नोंद असून, 2000 कार्षापण (त्या काळची नाणी) 'ओदयंत्रिक' श्रेणीकडे आहेत. ओदयंत्रिक म्हणजे पाण्याची यंत्रे करणारे, असा अर्थ लावला जातो. तुमच्या कालमांत्रिकांना याहून चांगले पूर्वज मिळणार नाहीत. अशा ठेवीला अक्षयनीवी म्हणत; मुद्दलाला हात लावायचा नाही, फक्त व्याज खर्चायचे. विद्येची किंमत मला तरी इथेच दिसते.

पळभर
लेणीवेडा यांचा धागा पुढे नेतो. मुद्दल कशाचे, हे सूर्यसिद्धांतात सापडते. दहा गुरू (म्हणजे दीर्घ उच्चाराची) अक्षरे उच्चारायला लागणारा वेळ म्हणजे एक प्राण, सहा प्राणांचे एक पळ, साठ पळांची घटिका आणि साठ घटिकांचे अहोरात्र; म्हणजे दिवसाला 21,600 प्राण आणि प्रत्येक प्राण चार सेकंदांचा. स्वस्थ बसलेल्या माणसाचा श्वासही साधारण एवढाच असतो. तेव्हा श्रेणीत श्वासच ठेव म्हणून ठेवता येऊ द्या.

व्याजाचा दरही नाशिकच्याच लेण्यांत मिळतो. क्षत्रप राजा नहपानाचा जावई उषवदात याने गोवर्धनच्या विणकरांच्या एका श्रेणीकडे 2000 कार्षापण दरमहा शेकडा एक दराने आणि दुसऱ्या श्रेणीकडे 1000 कार्षापण पाऊण टक्क्याने ठेवले होते. शेकडा एकने आयुष्यातील एक पूर्ण दिवस ठेवला, तर महिन्याला 216 प्राण, म्हणजे 36 पळे, म्हणजे जेमतेम साडेचौदा मिनिटे हाती येतात. आपल्या नायिकेने चार वर्षे उधळली ती व्याजातून असणे शक्यच नाही. तिने मुद्दल फोडले आहे, आणि तेही बहुधा दुसऱ्या कोणाचे. काळ मागे फिरवण्याची सोय मात्र कथेत अजिबात ठेवू नये, असे माझे आग्रहाचे मत आहे.

तांब्याची_वाटी
विषय थोडा खाली, स्वयंपाकघरात आणतो. आमच्या घरी पणजोबांचे घटिकापात्र आहे. तळाला बारीक छिद्र असलेली तांब्याची वाटी घंगाळातल्या पाण्यावर सोडायची. ती भरून बुडाली की एक घटिका, म्हणजे 24 मिनिटे झाली. मागच्या वर्षी बहिणीच्या लग्नात हौसेने ती काढली आणि मोबाइलवर वेळ लावून पाहिली, तर विसाव्या मिनिटालाच 'गुडुप्' आवाज करून ती तळाशी गेली. पिढ्यान्पिढ्या चिंच लावून घासल्यामुळे छिद्र मोठे झाले होते. गुरुजी हसून म्हणाले, की तुमच्या घरात सगळ्यांना घाई का असते ते आज कळले.

सांगायचे असे, की नव्या अंतेवासीला पहिले काम वाट्या घासण्याचेच मिळणार, आणि जास्त घासले तर काळ धावेल, कमी घासले तर क्षार साचून रेंगाळेल. कौटिल्याने नालिका (घटिकेएवढा काळ) मोजण्यासाठी घटाचे छिद्र चार माषे (वजनाचे जुने माप) सोन्याच्या चार अंगुळे लांब तारेइतके सांगितले आहे. अशी एक तार आचार्यांच्या कमरेला असू द्या.

उंबरठा
सर्वांचे मनःपूर्वक आभार. जेवणांचा प्रश्न जसाच्या तसा घेत आहे. मुद्दल कोणाचे, हेही सापडले: ते आजारी भिक्षूंच्या औषधांसाठी ठेवलेले होते. आता सकाळच्या प्रसंगात आचार्य काहीच बोलणार नाहीत. ते तिची वाटी उचलून कमरेची तार छिद्रात घालतील, आणि ती तार आत सैल हलेल.