मदत हवी आहे : ४३२६ कोड 'अज्ञात' म्हणतंय, प्रोजची डीएलएल कुठे मिळेल? (तातडीचे)

रात्रपाळी
लोकहो, लवकर सांगा. रास्टेरिओ या लायब्ररीने जिओटिफ (जागेचे निर्देशांक सोबत असलेलं चित्र) उघडून दुसऱ्या प्रोजेक्शनमध्ये न्यायची साधी स्क्रिप्ट आहे. आजवर बिनतक्रार चालत होती. आता सीआरएसची (निर्देशांक पद्धतीची) एरर येतेय, म्हणे ईपीएसजी कोड, म्हणजे त्या पद्धतीचा क्रमांक, अज्ञात. कोड कुठला, तर ४३२६, साधे अक्षांश-रेखांश! ज्याला तो माहीत नाही त्याने नकाशांच्या वाटेला जावंच कशाला? पिपने सगळं काढून परत टाकलं, फरक शून्य. प्रोजची (प्रोजेक्शन बदलणाऱ्या लायब्ररीची) डीएलएल फाइल खराब झाली असणार. चांगली फाइल कुठून उतरवायची एवढंच सांगा. काम आज द्यायचंय.

नेमकेपणा
विंडोज की लिनक्स? पायथन कितवं? एरर पूर्ण चिकटवा, सारांश नको.

उंटावरचा_शहाणा
पिपऐवजी कोंडाने पॅकेजेस टाका. पिप आणि जीडाल (रास्टेरिओच्या पोटातली लायब्ररी) यांची कुंडली कधी जुळलीच नाही.

चौथी_बाजू
@उंटावरचा_शहाणा, आलात का कोंडा घेऊन! ते दिवस गेले हो. रास्टेरिओच्या व्हीलमध्ये, म्हणजे पिपच्या तयार पॅकेजमध्ये, जीडाल, प्रोज, जिऑस या सगळ्या लायब्रऱ्या आतच येतात. धागाकर्त्याने परत टाकूनही एरर तीच आहे, म्हणजे डीएलएल ठीक आहे, गडबड बाहेर आहे. आणि डीएलएल वाटणाऱ्या साइटवरून काहीही उतरवू नका, कृपया.

डॉटनेटकर
आम्हालाही हेच झालं होतं. एसक्यूएलसर्व्हरस्पेशिअल१४०.डीएलएल प्रोजेक्टमध्ये घ्या. ३२ बिट आणि ६४ बिटची वेगळी असते, दोन्ही ठेवा. मग ग्लोबल.एएसएएक्समध्ये लोडनेटिव्हअसेम्ब्लीज लावा. शंभर टक्के चालेल.

रात्रपाळी
@डॉटनेटकर, डॉटनेट कुठून आलं? पायथन म्हटलंय मी.

डॉटनेटकर
तुमच्या पहिल्या पोस्टमध्ये 'पायथन' हा शब्द कुठेही नाही. परत वाचा.

रात्रपाळी
पिप हे पायथनचंच टूल, ते म्हटल्यावर अजून काय असणार! असो. विंडोज ११, पायथन ३.११. एररचा उरलेला भाग असा, मला तो निरर्थक वाटला : प्रोज.डीबी या फाइलमध्ये डेटाबेस.लेआउट.व्हर्जन.मायनर २ आहे, ३ किंवा जास्त हवं, आणि ती फाइल प्रोजच्या दुसऱ्याच इन्स्टॉलेशनमधली आहे.

नेमकेपणा
अहो, उत्तर तर त्यातच आहे! प्रोजची लायब्ररी स्वतः कोड ओळखत नाही, ती प्रोज.डीबीत शोधते. तुमच्या रास्टेरिओसोबत स्वतःची प्रोज.डीबी आलेली आहे, पण तुमचा प्रोग्रॅम कुणा दुसऱ्याची जुनी उघडतोय. तिचा साचा जुना निघाला की लायब्ररी ती वापरत नाही, मग ४३२६ काय, कुठलाच कोड सापडत नाही. कमांड प्रॉम्प्टमध्ये सेट प्रोज एवढं टाइप करून काय येतं ते सांगा. आणि एवढ्यात नवीन काय टाकलंत?

सी_काका
प्रोज ४ च्या काळी ही भानगड नव्हती. ईपीएसजी नावाची साधी टेक्स्ट फाइल असायची. नोटपॅडमध्ये उघडा, ओळ शोधा, डोळ्यांना दिसायचं. १९८० च्या दशकात यूएसजीएसमध्ये (अमेरिकेच्या भूगर्भ सर्वेक्षण खात्यात) जेराल्ड इव्हेंडेन यांनी हे सुरू केलं तेव्हा ते फोरट्रानमध्ये होतं. प्रोज ६ पासून, म्हणजे २०१९ पासून, सगळं एसक्यूलाइट डेटाबेसच्या पोटात, म्हणजे प्रोज.डीबीत, गेलं.

चौथी_बाजू
काका, त्या टेक्स्ट फाइलमुळे डेटमच्या (निर्देशांक ज्या आधारावर मोजतात त्याच्या) रूपांतरात काय काय घोळ व्हायचे तेही सांगा की. सगळं डब्ल्यूजीएस८४ या एकाच डेटमवरून फिरवायचं आणि वर अचूकतेच्या गप्पा.

रात्रपाळी
नवीन काहीच टाकलेलं नाही. पोस्टग्रेस टाकलं, पण तो डेटाबेस आहे, त्याचा इथे काय संबंध? सेट प्रोजला हे आलं : प्रोज_लिब, आणि पुढे पोस्टग्रेसच्या फोल्डरमधला पोस्टजीआयएसचा पत्ता.

नेमकेपणा
हाच संबंध. पोस्टजीआयएस म्हणजे पोस्टग्रेसची नकाशांसाठीची जोड. तिचा इन्स्टॉलर प्रोज_लिब हे प्रोजच्या फाइल्सचा पत्ता सांगणारं व्हेरिएबल सगळ्या सिस्टीमसाठी लावतो, आणि रास्टेरिओ स्वतःच्या फोल्डरआधी त्याकडे बघतं. व्हेरिएबल काढून टाका.

उंटावरचा_शहाणा
कोंडाचं एन्व्हायर्नमेंट चालू होताना स्वतःचा पत्ता लावतं. म्हणून म्हणत होतो.

रात्रपाळी
माझंही व्हर्च्युअल एन्व्हायर्नमेंट वेगळंच आहे. मग बाहेरचं आत आलंच कसं?

चौथी_बाजू
ते पायथनची पॅकेजेस वेगळी ठेवतं. सिस्टीमची व्हेरिएबल्स जशीच्या तशी आत येतात.
@नेमकेपणा, सिस्टीममधून काढायला सांगू नका. पोस्टजीआयएसला ते लागत असेल तर उद्या त्यातलं प्रोजेक्शन बदलणारं एसटी_ट्रान्सफॉर्म बंद पडेल आणि आणखी एक 'तातडीचे' धागा येईल. स्क्रिप्टमध्येच ओएस.एन्व्हायर्नमधून प्रोज_लिब काढा. तो भाग रास्टेरिओ इम्पोर्ट करण्याच्या आधी हवा, नंतर लिहून उपयोग नाही.

नेमकेपणा
मग प्रत्येक स्क्रिप्टमध्ये ते लिहीत बसायचं का? सिस्टीम स्वच्छ असावी.

चौथी_बाजू
त्यांना आज काम द्यायचंय, सिस्टीमची दिवाळीची साफसफाई नाही.

रात्रपाळी
मी सिस्टीममधून काढलं. तरी तीच एरर!!

नेमकेपणा
टर्मिनल आणि एडिटर बंद करून परत उघडलंत का? आधीपासून उघडी खिडकी जुनीच व्हेरिएबल्स धरून बसते.

शंकासुर
मुद्दा वेगळा, पण ४३२६ मध्ये क्षेत्रफळ काढू नका, उत्तर चौरस अंशात येतं. आधी यूटीएममध्ये (मीटरमध्ये मोजणाऱ्या प्रोजेक्शनमध्ये) न्या. पट्टे ६० आहेत, प्रत्येकी ६ अंशांचे.

रात्रपाळी
क्षेत्रफळ कोण काढतंय इथे?
एडिटर बंद करून उघडला, चाललं. पण @चौथी_बाजू म्हणतात तसा डेटाबेस पडला तर? म्हणून व्हेरिएबल परत लावलं आणि स्क्रिप्टमध्ये इम्पोर्टच्या वर ती ओळ घातली. तसंही चालतंय. नुसतं सेट टाइप केल्यावर जीडाल_डेटा हे व्हेरिएबल पण दिसतंय, त्याच फोल्डरमधलं. तेही काढू का?

चौथी_बाजू
हो, त्याच ठिकाणी, त्याच पद्धतीने. त्यालाही हाच आजार आहे, फक्त एरर वेगळी येते.