अनुभव धागा: करणी, भगत, चकवा, राखणदार... तुमच्या गावाकडचं लिहा

काजूबी:
मे महिन्यात गावी गेलेले सगळे आता परत कामाला लागलेत, डोक्यात गजाली ताज्या आहेत, म्हणून धागा काढतोय. करणी, मूठ, भगत, देवचार, काय असेल ते लिहा. अट एकच, अनुभव स्वतःचा नाहीतर घरातल्या माणसाचा पाहिजे. "मित्राच्या मामाला घाटात पांढऱ्या साडीतली बाई दिसली" चालणार नाही, ती बाई आता प्रत्येक घाटात उभी आहे.

सुरुवात मीच करतो. आमचं गाव राजापूर तालुक्यात. बाबा पावसाळ्यात पलीकडच्या गावातून सड्यावरून घरी येत होते, धुकं उतरलं आणि फिरून फिरून त्याच एका पाणी साचलेल्या खळग्यापाशी यायला लागले. आजीचं सांगणं होतं की चकवा लागला की चालायचं नाही, गप बसायचं. बाबा बसले, विड्या ओढल्या, धुकं जरा विरळ झाल्यावर देवळाचा दिवा दिसला तसे खाली उतरले. आता सडा ज्याने बघितलाय त्याला कळेल, सगळा सपाट कातळ, ना झाड ना खूण, धुक्यात कोणीही गरगरेल. पण आजीचा सल्ला शंभर टक्के बरोबर, नाही का?

पाणंद:
राजापूरवरून आठवलं, देवाचे गोठणेच्या सड्यावर कातळात कोरलेली माणसाची आकृती आहे, तिथे होकायंत्र ठेवलं की सुई भरकटते. मी स्वतः मोबाईलवर नाही, खरं होकायंत्र नेऊन बघितलंय. जांभ्यात लोह भरपूर असतं म्हणून म्हणतात. सोबतचा गाववाला मात्र लांबच उभा होता, म्हणाला तुम्ही बघा, आम्हाला इथेच राहायचंय.

माजघर:
आमचा वेंगुर्ला. आरवलीच्या वेतोबाक केळ्यांचो घड आणि चपला वाहतत ह्या सगळ्यांका म्हायती असताला. चपला खेळण्यातल्यो न्हय हां, हातभर लांब, चामड्याच्यो. देव रातीचो गावभर राखण करीत फिरता, म्हणान त्यो झिजतत. माझी आजी देवळात गेली की आधी जुन्यो चपलो उलट्यो करून तळ बघी आणि मगे पाया पडी. "झिजलेत गो," म्हणी, एकदम समाधानान.

बाकी प्रमाण मराठीत लिहितो नाहीतर पुणेकर अर्थ विचारतील. मला वेतोबाची भीती कधीच वाटली नाही. रात्री उशिरा एसटी चुकली तर चालत येताना उलट बरं वाटायचं. भीती वाटायची ती माणसांची, ते खाली कोणीतरी लिहीलच.

सावित्रीकाठ:
महाडकडची आहे. आईला लहानपणी शेतात लाल विंचू चावला, भारे बांधताना. घरच्यांनी आधी मांत्रिकाकडे नेलं, तो हातावरून विष "उतरवत" बसला, आणि इकडे आईला दरदरून घाम, हातपाय गार, खोकला. एका काकांनी भांडण करून तिला उचललं आणि सरकारी दवाखान्यात नेलं म्हणून मी आज इथे टाईप करतेय. आमच्याच भागात बिरवाडीच्या सरकारी दवाखान्यात डॉ. हिम्मतराव बावस्कर होते, विंचू चावलेल्या पेशंटच्या उशाशी रात्ररात्र बसून त्यांनी नोंदी ठेवल्या. माणूस जातो तो हृदयावर ताण येऊन आणि फुप्फुसात पाणी भरून. मग 80 च्या दशकात त्यांनी ब्लडप्रेशरची साधी गोळी, प्राझोसिन, वापरायला सुरुवात केली आणि आधी शंभरात चाळीसच्या आसपास माणसं जायची ती एकावर आली. 2022 ला पद्मश्री मिळाली त्यांना. आमच्या मांत्रिकाचा मुलगा आता रिक्षा चालवतो आणि विंचवाचा पेशंट असला तर दवाखान्यापर्यंत भाडं घेत नाही, हेही लिहायला पाहिजे.

फुरसं_चावलेला:
वरच्या ताईंना जोडून. मला आंब्याच्या बागेत गवत काढताना फुरसं चावलं. शेजारचे म्हणाले अमक्या गावच्या भगताने इतके वाचवलेत. वाचवणारच की! बिनविषारी साप चावलेले आणि विषारी सापाने नुसता दात लावलेले, विष न सोडलेले, सगळे त्याच्याच खात्यात जमा. दवाखान्यात डॉक्टरने काचेच्या नळीत रक्त घेतलं आणि वीस मिनिटं हलवायचं नाही म्हणून टेबलावर ठेवून दिलं. वीस मिनिटांनी नळी आडवी केली तर रक्त पाण्यासारखं वाहिलं, गोठलंच नव्हतं, म्हणजे विष भिनलं होतं. ती नळी बघून माझे शेजारी जे गप झाले ते घरी येईपर्यंत गप. लस टोचली, काही तासांनी पुन्हा नळी, तेव्हा गोठलं.

नाव_नको:
आमच्या वाडीत एका विधवा म्हातारीला चेटकीण म्हणायचे. कुणाची गाय आटली, कुणाचं पोर रडायला लागलं की बोट तिच्याकडे. तिच्या हातचं ताक कुणी घ्यायचं नाही. मला आठवतं ते एवढंच की आम्ही मुलं शाळेतून येताना दिसलो की ती स्वतःच भिंतीकडे तोंड करून उभी राहायची, आम्ही पुढे जाईपर्यंत. का ते तेव्हा कळत नव्हतं, तिला सवय झाली होती. तिची जमीन नंतर कुणी कसायला घेतली ते बघितलं की बराच उलगडा होतो.

डॉ. दाभोलकरांचा 20 ऑगस्ट 2013 ला पुण्यात खून झाला, त्याच महिन्यात वटहुकूम निघाला आणि डिसेंबरात जादूटोणाविरोधी कायदा झाला. एखादी व्यक्ती करणी करते, मंत्राने गुरांचं दूध आटवते असं म्हणून तिला बदनाम करणं आता गुन्हा आहे. साप-विंचू-कुत्रा चावलेल्याला औषधोपचारापासून रोखून गंडेदोरे करणंही त्यात आहे. सहा महिने ते सात वर्षं कैद. म्हातारी त्याच्या खूप आधी गेली.

जुनीकागदं:
गंमत म्हणजे असाच धागा इंग्रजांनी शंभर वर्षांपूर्वी काढलेला. जॅक्सन नावाच्या कलेक्टरने प्रश्नावली पाठवून शाळामास्तरांकडून भुतं, देवक, दृष्ट, पाऊस पाडायचे तोडगे सगळं गोळा करवलं. 1909 च्या डिसेंबरात नाशकात त्याला गोळी घातली ती अनंत कान्हेरेंनी, तेही मूळचे खेड तालुक्यातले! कागद मग एन्थोवेन नावाच्या दुसऱ्या साहेबाने 1915 ला छापले. मास्तर लोकांनी साहेबाला किती खरं सांगितलं आणि किती थापा मारल्या ही मला कायम शंका आहे.

दालदी:
आमची होडी आहे, रत्नागिरी साईडला. जीपीएस आहे, मासे दाखवणारं मशीन आहे, आणि नाळेवर, म्हणजे होडीच्या पुढच्या टोकाला, काळी बाहुलीपण आहे. हिवाळ्यात कधीकधी रात्री लाटा निळ्या पेटतात, आता टीव्हीवाले सांगतात नॉक्टिल्युका नावाचा बारीक जीव आहे, पाणी ढवळलं की चमकतो. माझा आजा त्याला घाबरायचा नाही, उलट मासे पळाले की पाण्यात उजेडाची रेघ उठायची त्यावर जाळं टाकायचा. घाबरायची ती किनाऱ्यावर बसलेली माणसं. आणि बाहुली आईने बांधलीय, ती काढली तर घरात जेवण मिळणार नाही, ते काय कुठल्या मशीनवर दिसत नाही. डिझेलचा भाव उतरवणारा भगत कोणाच्या ओळखीचा असेल तर मात्र नंबर टाका.