फोटोपास कॅनॉलच्या पाण्यात गेला, आता पुरावा काय दाखवायचा?

दांडेकरपूलवाला:
२७ सप्टेंबर २०१८ ला पुण्यात मुठा उजवा कॅनॉल फुटला तेव्हा आमच्या घरात छातीएवढं पाणी. आई नव्या पेठेत धुण्याभांड्याला, मी कॉलेजात. पत्र्याची पेटी खाटेखालीच राहिली. चिखलातून काढली तर फोटोपास (झोपडीवाल्यांचं फोटो लावलेलं ओळखपत्र) आणि बाबांचा मृत्यूचा दाखला एकमेकांना चिकटलेले. दोरीवर चिमटे लावून वाळवले, पण सोडवताना आईचा अर्धा चेहरा दाखल्यावर गेला.
आता एसआरएचा, म्हणजे झोपडपट्टी पुनर्वसनवाल्यांचा, सर्व्हे आहे. १ जानेवारी २००० च्या आधीचा पुरावा मागतायत. घर ९२ सालचं, अख्ख्या गल्लीला माहितीये, पण गल्लीला कोण विचारतं! एक एजंट पाच हजारांत 'काम करून देतो' म्हणतोय. आईच्या दोन घरांचा पगार तो. देऊ का?

पर्वतीपायथा:
एक रुपया देऊ नको. २००० च्या आधीची मतदार यादी काढ, निवडणूक शाखेतून सही-शिक्क्याची नक्कल मिळते. टाळाटाळ केली तर माहिती अधिकारात अर्ज टाक, दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प. तीस दिवसांत उत्तर द्यावंच लागतं. पोच घेतल्याशिवाय खिडकीवरून हलायचं नाही. जुनं लाइटबिल असेल तर तेही जोड. आणि समजा २००० चं नाहीच जमलं, तरी १ जानेवारी २०११ पर्यंतच्या लोकांनाही घर मिळतं, फक्त फुकट नाही.

काशेवाडीची ताई:
दादा, कागद खाटेखाली ठेवतं का कुणी? आमच्या सासूबाईंनी पानशेतचा पूर बघितलेला, १२ जुलै १९६१ चा. तेव्हापासून घरातले कागद प्लॅस्टिकच्या पिशवीत गुंडाळून रिकाम्या पिठाच्या डब्यात, तो डबा माळ्यावर. आम्ही हसायचो.

दांडेकरपूलवाला:
यादी मिळाली, ९५ ची! तीन चकरा झाल्या, त्यात आईचे दोन खाडे. घर नंबर बरोबर आहे. नाव 'सुमन'चं 'सुमान' झालंय आणि वय ४१ लिहिलंय, तेव्हा ती २६ ची होती. अॅफिडेव्हिट करावं लागेल बहुतेक. आई मात्र त्या वयावरच अडकलीये. सकाळपासून तिसऱ्यांदा विचारलं, "एवढी थकलेली दिसायची का रे मी?"