मदत हवी आहे: ऑडॅसिटीला एफएफएमपेग सापडत नाहीये

आजीच्या जात्यावरच्या ओव्या फोनवर रेकॉर्ड केल्यात, सगळ्या एम४ए फायली. जुन्या लॅपटॉपवर ऑडॅसिटी (आवाज संपादित करायचं सॉफ्टवेअर) २.४.२ आहे. एमपी३ करायला लागणारं लेम त्यात आहेच, पण एम४ए उघडायला एफएफएमपेगची लायब्ररी (वेगवेगळ्या प्रकारच्या ऑडिओ-व्हिडिओ फायली वाचणारा जोडकोड) वेगळी टाकावी लागते. टाकली. तर ऑडॅसिटी त्या लायब्ररीतली एव्हीफॉरमॅट-५५.डीएलएल ही फाइल मागतेय आणि माझ्या फोल्डरात आहे ५८! नाव बदलून पाहिलं (हसू नका), अर्थातच चाललं नाही. शिवाय मी उतरवली ६४ बिटवाली आणि ही ऑडॅसिटी ३२ बिटची, म्हणजे घोळ दुहेरी. कुठल्याशा फुकट डीएलएलच्या साइटवरून सुटी फाइल उचलायची नाहीये, व्हायरसची भीती वाटते. ३२ बिटवाली ५५ खात्रीची कुठे मिळेल? की सरळ नवीन ऑडॅसिटीच टाकू? रॅम ४ जीबीच आहे.